वल्ह्यांची लय : सिल्वेस्त्रे रेव्हुएल्तास

मेक्सिकोच्या आखाती किनाऱ्यावर, वेराक्रूझ प्रांतातील आल्वारादो या कोळ्यांच्या गावी १९३४ साली सरकारी शिक्षणखात्यातर्फे जो बोलपट चित्रित झाला, त्याचे नाव ‘रेदेस’, म्हणजे ‘जाळी’. औषधाला पैसे नसल्यामुळे पोटचे मूल गमावलेला मीरो हा कोळी आपल्या सोबत्यांना अन्यायाविरुद्ध उभे करतो व गोळीला बळी पडतो, एवढेच त्याचे कथानक. पॉल स्ट्रँडचे छायाचित्रण आणि फ्रेड झिनेमान व एमिलियो गोमेस मुरिएल यांचे दिग्दर्शन लाभलेल्या या चित्रपटाचे संगीत प्रथम कार्लोस चावेस करणार होता. परंतु खात्यातील त्याचा हुद्दा जाताच ते काम सिल्वेस्त्रे रेव्हुएल्तास याच्याकडे आले, आणि दोघांच्या जुन्या स्नेहात तेढ पडली.

दुरांगो प्रांतात ३१ डिसेंबर १८९९ रोजी जन्मलेल्या या व्हायोलिनवादकाचा चित्रपटाशी ऋणानुबंध त्याहून जुना होता. शिकागोतील अध्ययनानंतर टेक्सास आणि अलाबामा येथील नाट्यगृहांत, आपल्याकडे पेटी-तबलेवाले बसत त्याप्रमाणे, मूकपटासमोर वाजविणाऱ्या वाद्यवृंदांत त्याने उमेदीची वर्षे घालविली होती. आणि १९२९ साली चावेसनेच त्याला मेक्सिकोच्या सिंफनी वाद्यवृंदाचा सहायक संचालक म्हणून मायदेशी बोलाविले होते. वाद्याने केव्हा बोलावे आणि केव्हा दृश्याला वाट द्यावी, हा विवेक त्या अंधाऱ्या नाट्यगृहांतच त्याच्या अंगी मुरला असावा, असे मला ‘रेदेस’ पाहताना वारंवार वाटते.

कारण तेथे संगीत दृश्याची री ओढीत नाही. मुलाच्या दफनाच्या प्रसंगी वाद्यवृंद शोक करतो तो एका बापाचा नव्हे, तर साऱ्या वस्तीचा. आणि अखेरीस मीरोचा देह घेऊन निघालेल्या होड्यांची वल्ही जेव्हा एकजुटीने पडू लागतात, तेव्हा त्या श्रमाची लय हीच संगीताची लय होते, आणि शोकाचे रूपांतर निर्धारात होते.

पुढे फर्नांदो दे फुएंतेसच्या ‘वामोनोस कोन पांचो व्हिया’ या चित्रपटाला त्याने संगीत दिले, शिवाय त्यातील मद्यगृहात पियानोवादक म्हणून तो स्वतः पडद्यावरही आला; १९३७ साली यादवीने होरपळलेल्या स्पेनमध्ये प्रजासत्ताकाच्या बाजूने तो जाऊन आला; १९३९ साली ‘ला नोचे दे लोस मायास’ केला; आणि ५ ऑक्टोबर १९४० रोजी, वयाची एक्केचाळीस वर्षेही पुरी होण्यापूर्वी, मेक्सिको शहरात न्यूमोनियाने त्याचा अंत झाला.

त्याच्या पश्चात या दौलतीची व्यवस्था इतरांनी लाविली. एरिक क्लायबरने ‘रेदेस’च्या संगीताची मैफलीसाठी मांडणी केली, होसे इवेस लिमांतूरने ‘मायास’चे चार भाग सिद्ध केले, आणि तालवाद्यांच्या गजराने दुमदुमणारी ती रचना जगभर गाजली. त्या रसिकांचे उपकार मोठेच आहेत. तथापि सभागृहात स्वर तेवढे येतात, ते ज्यांच्यासाठी योजिले त्या होड्या येत नाहीत. म्हणून रेव्हुएल्तासची खरी ओळख ज्याला हवी, त्याने मैफलीतून उठून एकदा आल्वारादोच्या त्या किनाऱ्यावर जावे, आणि वल्ही पाण्यात पडत असताना ते संगीत ऐकावे.