शनिवारवाड्यातलं घर

सकाळी सहा. कळव्यातलं आमचं घर जागं व्हायच्या आत माझी लिहिण्याची बैठक उरकते. मी मालिकांच्या पटकथा लिहिते आणि ठाण्यात नव्या लेखकांचा वर्ग घेते. या आठवड्यात सरावासाठी रणजित देसाईंची 'स्वामी' घेतली आहे. माधवराव पेशव्यांवरची ही कादंबरी १९६२ची. सगळ्या घराने एकत्र बसून बघावी अशी मालिका तिच्यातून आज कशी काढाल, हा प्रश्न. मुलांना दिलेला प्रश्न आधी आपण सोडवून बघावा, म्हणून मीही वनलाइन, म्हणजे प्रसंगांचा थोडक्यात आराखडा, लिहितेय.

साडेआठ. कुकर, डबे, शाळेची घाई.

सव्वानऊ. टीएमटीच्या बसने कळव्याच्या पुलावरून पलीकडे. तिथलं ठाण्याचं कारागृह मुळात किल्ला. १७३७ साली तो पोर्तुगीजांकडून मराठ्यांनी घेतला आणि १७७४च्या डिसेंबरात इंग्रजांनी मराठ्यांकडून. तोवर माधवराव गेले होते, त्यांच्या धाकट्या भावाचा, नारायणरावांचा, खून झाला होता आणि काका राघोबादादा पेशवाईच्या आशेने मुंबईच्या इंग्रजांशी बोलणी करत होते. एका वाड्यातली भाऊबंदकी आमच्या खाडीपर्यंत पोचली ती अशी. माझ्या लेखी या कादंबरीचा जीव त्या भाऊबंदकीतच आहे.

दहा. वर्ग. आधी दूरदर्शनच्या 'स्वामी'बद्दल बोललो. दिग्दर्शक गजानन जागीरदार, रवींद्र मंकणी माधवराव, मृणाल देव त्यांच्या पत्नी रमाबाई. १९४४च्या प्रभातच्या 'रामशास्त्री'त जागीरदारांनी स्वतः पेशवाईतले न्यायाधीश रामशास्त्री यांची भूमिका केली होती, म्हणजे हा काळ त्यांनी अंगावर वागवलेला होता. आठवड्याला एक भाग, त्यामुळे माणसं शांतपणे बोलू शकत. आता रोजचा भाग, आणि ब्रेकआधी हुक हवाच.

एका मुलाने पानिपतच्या रणधुमाळीपासून सुरुवात केली होती. मी ती काढायला लावली. खर्चाचं सोडा, पण प्रेक्षक मालिकेत गुंततो तो घरामुळे. सोळा वर्षांचा मुलगा पेशवा होतो आणि कारभार काकांच्या हातात असतो. हे कुठल्याही मराठी घराला समजावून सांगावं लागत नाही. मग धोडपची लढाई घेतली. १७६८ साली माधवरावांनी तिथे दादांचा पराभव केला आणि त्यांना शनिवारवाड्यातच नजरकैदेत ठेवलं. कैदी आणि कैद करणारा एकाच वाड्यात! एका मुलीने या प्रसंगाला दीड पान संवाद लिहिले होते, चांगले होते. वाचता वाचता तिनेच एकेक ओळ खोडली. शेवटी उरलं एवढंच: पुतण्या नमस्काराला वाकतो, काका पाय मागे घेतात. टाळ्या पडल्या.

एक. जेवण.

दोन. "मॅडम, सतीचं काय करायचं?" हा प्रश्न येणारच होता. नोव्हेंबर १७७२, थेऊर. माधवराव क्षयाने गेले, वय सत्तावीस, आणि रमाबाई सती गेल्या. कोणी म्हणालं, कौटुंबिक मालिका आहे, गाळून टाकू. कोणी म्हणालं, तोच तर कळस, फुलं, आरती, मोठं संगीत. मला दोन्ही मान्य नाही. सप्टेंबर १९८७मध्ये राजस्थानात देवराळ्याला रूपकंवर नवऱ्याच्या चितेवर गेली, आणि त्याच वर्षी सतीचं उदात्तीकरण हा कायद्याने गुन्हा ठरला. कायदा नसता तरी माझं मत हेच राहिलं असतं. घरातली दहा वर्षांची मुलगी ही मालिका बघणार आहे. तिच्यापासून इतिहास लपवायचा नाही, आणि एका बाईचं जळणं तिला सुंदरही करून दाखवायचं नाही. घडलं ते एका वाक्यात सांगा. चिता नको, आरती नको. रमाबाईंना त्याआधीच्या भागांत भरपूर बोलू द्या, हसू द्या, नवऱ्यावर रागावू द्या.

सहा. परतताना पुलावर गर्दी. बसमध्ये उभ्याउभ्या वहीत दोन ओळी लिहिल्या.

साडेनऊ. घर निवलं, वनलाइन पुन्हा काढली. मृत्यूच्या दारात माधवराव धाकट्या भावाला, नारायणरावाला, दादांच्या हाती सोपवतात. माझा शेवटचा भाग आता इथे थांबतो. पुढच्याच वर्षी, ३० ऑगस्ट १७७३ला, त्याच शनिवारवाड्यात गारद्यांनी नारायणरावांना मारलं, हे शेवटच्या पाटीवर यावं. ग्रुपवर निरोप टाकला: उद्या येताना प्रत्येकाने हा सीन दादांच्या बाजूने लिहून आणा. हात हातात घेताना त्यांना खरंच माया वाटली होती असं धरून.