हिंदमाता, पहाटेपासून

पहाटे साडेचार. मुंबईच्या हिंदमाता भागातल्या चाळीतली खोली, दहा बाय बाराची, माणसं चार. दिव्याने कुणाची झोप मोडायला नको म्हणून कॉमन गॅलरीत पाट टाकून बसतो. ही वेळ कादंबरीची. सात वाजता नळाला पाणी येतं, मग चाळीत कुणालाच बसायला जागा उरत नाही. तोवर एक पान झालं तर दिवस चांगला.

नऊ ते एक पोटाचं लिखाण. एका मालिकेचे संवाद लिहितो. एपिसोडची वनलाइन रूपरेषा रात्री येते, स्क्रीनप्ले सकाळी, आणि दुपारच्या आत सीन सेटवर पोचावेच लागतात. कलाकार मेकअप करून बसलेले असतात. काही मित्र याला हलकं काम समजतात. मला ते अजिबात पटत नाही. बेलग्रेडच्या बोरिस्लाव पेकिच या कादंबरीकाराने ऐन तारुण्यात राजकीय कैदी म्हणून पाच वर्षं तुरुंगात काढली. सुटल्यावर तो सिनेमाच्या पटकथा लिहू लागला आणि त्याची पहिली कादंबरी आली ती 1965 साली, पस्तिशीत. इतकं लांब तरी कशाला जा? आपले नाटककार जयंत पवार वर्तमानपत्रातली नोकरी सांभाळून लिहीत राहिले. 1997 साली त्यांचं ‘अधांतर’ रंगमंचावर आलं, 2010 साली त्यावरून ‘लालबाग परळ’ हा सिनेमा झाला आणि ‘फिनिक्सच्या राखेतून उठला मोर’ या कथासंग्रहाला 2012 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. ‘अधांतर’मधल्या धुरूंच्या घरात थोरला मुलगा लेखक व्हायला निघालेला असतो. तो मला माझ्याच चाळीतला वाटतो.

दोनला जेवून खाली उतरतो. लग्नसराई संपली तरी साड्यांच्या दुकानांतून गर्दी आहेच. गादीवरचा सेल्समन साडी उलगडत बाईंना म्हणतो, “ताई, घेऊ नका, पण हात लावून तर बघा.” हे वाक्य मी दुकानाच्या पायरीवरच मोबाइलमध्ये टिपून घेतो. असं बोलणं घरात बसून सुचत नाही.

चार वाजता आबांकडे. ते पलीकडच्या चाळीत राहतात, वय ब्याऐंशी. कापड गिरणीच्या साचाखात्यात, म्हणजे मागांवर, होते. 18 जानेवारी 1982 ला गिरण्यांचा संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले, त्यात तेही. संपाबद्दल वाचायला पुस्तकं आहेत. मला हवा असतो आबांचा हात. मागावर आडवं सूत वाहून नेणारा धोटा कसा भरायचा, असं मी आज विचारलं. त्यांनी चहाचा कप बाजूला ठेवला, डाव्या हाताची मूठ किंचित उघडी धरली, ती तोंडाशी नेली आणि जोरात श्वास आत ओढला. धोट्याच्या भोकातून सूत असं तोंडाने ओढून घ्यायचं. पाळीभर, पुन्हा पुन्हा. “सुताबरोबर कापूस पण जायचा रे पोटात,” म्हणाले आणि खोकत हसले. संपाला चाळीस वर्षं उलटून गेली, तरी मूठ नेमकी तेवढीच उघडली होती. दोन वर्षं मी त्या खात्यावर प्रकरण लिहितोय आणि माझ्या कागदावर धोटा नुसता इकडून तिकडे धावत होता. त्याला माणसाचं तोंड लागतं हे मला ठाऊकच नव्हतं.

सात वाजता पाऊस. हिंदमाताचा भाग बशीसारखा खोलगट, त्यामुळे आम्ही आजही आधी रस्त्याकडे बघतो, मग आभाळाकडे. जमिनीखाली टाक्या बांधल्यापासून पाणी लवकर ओसरतं. आज घोट्यापर्यंत येऊन थांबलं.

साडेनऊला मालिकेवाल्यांचा फोन. दोन सीन बदलायचे आहेत. साडेअकरापर्यंत बदलून पाठवतो. सासूच्या तोंडी सेल्समनचं वाक्य घातलंय, ते टिकलं.

झोपण्याआधी पहाटेचं पान फाडतो आणि वहीत एवढंच लिहून ठेवतो: मूठ, भोक, श्वास. उद्या साडेचारला तिथूनच सुरुवात.

गिरणगावात ज्यांच्या घरी अजून एखादे आबा आहेत, त्यांना हात जोडून विनंती आहे. आज संध्याकाळी त्यांच्याजवळ बसा, कोणत्या खात्यात होता ते विचारा आणि सांगतील ते त्यांच्याच शब्दांत लिहून ठेवा.