कमलाबाई गोखले



वाशीमच्या शाळेंत मी संमेलनाचें नाटक बसवीत असें, तेव्हां पुष्कळ पालक मुलीस भूमिका करूं देण्यास कचरत. अशा वेळीं मला कमलाबाई गोखले आठवत.

दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ चित्रपटांत तारामतीची भूमिका साळुंके या पुरुषानें केली; कारण त्या कामास स्त्री मिळाली नाहीं. त्याच वर्षीं ‘मोहिनी भस्मासुर’ निघाला. त्यांत पतीपासून विभक्त झालेल्या दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची अल्पवयी कन्या कमला मोहिनी झाली.

पुढें कमलाबाईंना ऐन तारुण्यांत वैधव्य आलें. पदरीं तीन मुलगे. त्यांनीं रंगभूमि सोडली नाहीं. पुरुषांच्या भूमिकाहि केल्या. मुलांपैकीं चंद्रकांत नट झाले, लालजी व सूर्यकांत तबलावादक. १९८० च्या ‘गहराई’ चित्रपटांतहि कमलाबाई होत्या. पुढें त्या निवर्तल्या.

चित्रपट व दूरदर्शन गाजविणारे त्यांचे नातू विक्रम गोखले घरोघरीं ठाऊक आहेत. आजी मात्र नाहीं.

त्या पालकांना मी एवढेंच विचारीत असें : ज्या कलेवर एका मातेनें तीन मुलगे वाढविले, ती कला हलकी कशी?