म्युनिकचा कॅमेरा, मालाडचा मामला!

तुमले माहीत शे का, भाऊ? 'अछूत कन्या'तलं ते अस्सल देशी खेडं आपल्याला दाखवलं एका जर्मन कॅमेरामननं! नाव जोसेफ वीर्शिंग. जन्म म्युनिकचा, साल १९०३. चला, रील फिरवू या!

बुद्धं शरणम्, कॅमेरा ऑन! वीर्शिंग पहिल्यांदा भारतात आला १९२५च्या 'प्रेम संन्यास'साठी. हिमांशू राय यांचा हा मूकपट होता गौतम बुद्धांवर. हीरो भारतीय, युनिट म्युनिकचं!

लाल-बाल-पाल कनेक्शन. १९३४ मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज उभी राहिली. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन जर्मन, कॅमेरामन जर्मन, सेटवालाही जर्मन. मग लिहिणारा कोण? निरंजन पाल. म्हणजे 'लाल-बाल-पाल'मधल्या बिपिनचंद्र पालांचे चिरंजीव!

नो हिंदी, नो टेन्शन. ऑस्टेनला हिंदी येत नव्हतं. तरी पठ्ठ्यानं डझनाहून जास्त हिंदी सिनेमे काढले. संवाद कळो न कळो, चेहरा कळत होता ना!

दादामुनींचं 'डेव्हलपमेंट'. भुसावळवरून रेल्वेनं वर निघालं की खांडवा लागतं. अशोक कुमार ऊर्फ दादामुनी तिथल्या घरातला. बॉम्बे टॉकीजमध्ये तो लॅब असिस्टंट होता. फिल्म डेव्हलप करता करता गडी स्वतःच डेव्हलप झाला: १९३६ मध्ये 'जीवन नैया'चा हीरो! कॅमेऱ्यामागं? आपला वीर्शिंगच.

कट! १९३९. लीला चिटणीस यांचा 'कंगन' सुरू होता आणि तिकडे महायुद्ध पेटलं. इंग्रजांच्या लेखी जर्मन म्हणजे शत्रू. ऑस्टेनला पकडलं आणि वीर्शिंगलाही युद्धकाळ नजरकैदेच्या छावणीत काढावा लागला. लाइट्स, कॅमेरा... अरेस्ट!

भूत आलं, भाव खाऊन गेलं. सुटल्यावर वीर्शिंगनं काय केलं, माहीत आहे का? १९४९चा 'महल'! हलता झोपाळा, काळोखातला जिना, अर्धा चेहरा उजेडात आणि अर्धा सावलीत. मधुबाला तेव्हा अवघी १६ वर्षांची. अंगावर काटा आणायला भूत लागत नाही, लायटिंग पुरे!

स्लो-मोशन रेकॉर्ड. 'पाकीजा' सुरू झाला १९५६ला, पडद्यावर आला १९७२ला. ब्लॅक अँड व्हाइटमध्ये सुरू झालेला हा सिनेमा कलर झाला, मग सिनेमास्कोप. या खटाटोपात वीर्शिंग १९६७ मध्ये मुंबईतच वारला. उरलेलं काम इतर कॅमेरामननी पुरं केलं, पण टायटलमध्ये नाव त्याचंच झळकलं. आणि कलादिग्दर्शनाचं फिल्मफेअर कुणाला? एन. बी. कुलकर्णींना. मराठी माणूस हजर!

एका हातात कॅमेरा, दुसऱ्यात पेन. आता बर्लिनची चक्कर! तिथला आणखी एक कॅमेरामन कार्ल फ्रॉइंड जन्मला बोहेमियात, गाजला जर्मनीत. 'मेट्रोपोलिस' शूट करणाऱ्यांपैकी एक. 'बर्लिन' या १९२७च्या गाजलेल्या माहितीपटाच्या पटकथेतही त्याचं नाव आहे. पुढं हॉलिवूडला गेला, 'द ममी' दिग्दर्शित केला आणि 'द गुड अर्थ'च्या छायाचित्रणासाठी ऑस्कर उचललं. उतारवयात काय? टीव्हीवरची कॉमेडी 'आय लव्ह लूसी'! ममी ते मॅडम, सगळं चालतं!

सायकल की सवारी. याच फ्रॉइंडनं 'द लास्ट लाफ'मध्ये १९२४ला कॅमेरा छातीला बांधला, तोल राहावा म्हणून बॅटऱ्या पाठीवर. झिंगलेल्या माणसाची नजर दाखवायची होती ना! आणि हॉटेलच्या लिफ्टमधून लॉबीत जाणारा तो फेमस शॉट? कॅमेरा चक्क सायकलवर!

आता धुळ्याहून आग्रा रोडनं तासाभरात मालेगाव गाठा. शेख नासिर यांनी 'मालेगाव का सुपरमॅन' कसा काढला, माहीत आहे का? सायकलची केली ट्रॉली, बैलगाडीची केली क्रेन! बर्लिनकडे पैसा होता तरी सायकल, मालेगावकडे नव्हता म्हणून सायकल. शॉट मात्र दोन्हीकडे ओके!