संमति कशाची ?

"फोटो मुलीनें आपखुषीनेंच दिला, मग तक्रार कसली ?" असें आमच्या उमरेडास सभ्य गृहस्थहि विचारतात. विश्वासानें धाडलेलें पत्र कोणी चावडीवर वाचलें, तर दोष लिहिणारीचा काय ? कायद्यानें ही शंका २०१३ सालींच फेडली. भारतीय न्याय संहितेचें ७७ वें कलम १ जुलै २०२४ पासून तेंच सांगतें : खासगी अवस्थेंतील चित्र स्त्रीनें काढूं दिलें, पण इतरांस दाखविण्यास रुकार दिला नाहीं, तर तें पसरविणें गुन्हाच. पहिल्या अपराधास एक ते तीन वर्षें कैद व दंड. मात्र त्याआधीं मुलीचीच शाळा सुटते, सोयरीक मोडते. आणि घरच्यांच्या धाकानें ती गप्प बसते! तिला रागें भरूं नये. आलेले निरोप पुसून न टाकतां पोलीस ठाणें गांठावें. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर स्त्रियांसंबंधीं अशी तक्रार नांव न सांगतांहि नोंदवितां येते.