अपील दाखल झाले, तरी वसुली थांबत नाही

वरूड परिसरात संत्र्याचा आंबिया बहार उतरू लागला की व्यापाऱ्याचा पैसा बागांच्या इसारात अडकलेला असतो. नेमक्या अशा वेळी प्राप्तिकर खात्याने दंडाच्या थकबाकीपोटी बँक खाते गोठवले, तर तोडणीची मजुरी, ट्रकचे भाडे सारेच अडते. ‘आम्ही अपील केले आहे’ हे उत्तर बँकेत चालत नाही. अपिलाने वसुलीला आपोआप स्थगिती मिळत नाही, हे अनेकांना खाते गोठल्यावरच कळते.

शेतकऱ्याचे शेती उत्पन्न प्राप्तिकरातून मुक्त आहे. बहार विकत घेऊन माल बाहेर पाठविणाऱ्या व्यापाऱ्याचा नफा मात्र करपात्र ठरतो. उत्पन्न कमी दाखविल्यास १९६१च्या प्राप्तिकर कायद्याच्या कलम २७०-ए अन्वये त्यावरील कराच्या ५० टक्के आणि खोटी नोंद वा चुकीची माहिती आढळल्यास २०० टक्के दंड होतो. ही रक्कम साधारणतः नोटीस मिळाल्यापासून ३० दिवसांत भरायची असते. अपिलाची मुदतही तेवढीच.

स्थगितीसाठी कलम २२०(६) खाली कर निर्धारण अधिकाऱ्याकडे वेगळा अर्ज करावा लागतो. केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या ३१ जुलै २०१७च्या परिपत्रकाने वादग्रस्त मागणीच्या २० टक्के रक्कम भरल्यास पहिल्या अपिलाच्या निकालापर्यंत सर्वसाधारणपणे स्थगिती देण्याचा निकष ठरवला. २०१६ साली हे प्रमाण १५ टक्के होते. त्या हिशेबाने दंड चार लाखांचा असेल तर ८० हजार आधी भरायचे. पण २० टक्के ही काही दगडावरची रेघ नव्हे. त्याहून कमी रकमेवरही अधिकारी स्थगिती देऊ शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात स्पष्ट केले. व्यवहारात अधिकारी या आकड्याला चिकटून बसतात, म्हणून अर्ज दोन ओळींचा नसावा. मुंबई उच्च न्यायालयाने २००१ साली केईसी इंटरनॅशनल प्रकरणात सांगितले की, अर्जावर निर्णय देताना करदात्याची बाजू थोडक्यात नोंदवून कारणे द्यावीत आणि अपिलाची मुदत संपण्यापूर्वी सामान्यतः सक्तीची वसुली करू नये. तेव्हा अपिलातील मुद्दे व आर्थिक अडचण कागदपत्रांसह मांडावी आणि पोच जपून ठेवावी.

पहिले अपील फेटाळले गेले तर दार ठोठवायचे ते अपिलीय न्यायाधिकरणाचे. विदर्भासाठी ते नागपुरात आहे. स्थगिती देण्याचा त्याचा अधिकार सर्वोच्च न्यायालयाने १९६८ सालीच मान्य केला. मात्र २०२०च्या दुरुस्तीनंतर तेथेही किमान २० टक्के भरणा किंवा तितके तारण लागते.

जीएसटीत व्यवस्था उलट आहे. तेथे पहिल्या अपिलासोबत वादग्रस्त कराच्या १० टक्के भरले की उरलेली वसुली कायद्यानेच थांबते, वेगळा अर्ज लागत नाही. प्राप्तिकरात असे का नसावे, हा प्रश्न रास्त आहे.

१ एप्रिल २०२६पासूनच्या करवर्षांना २०२५चा नवा कायदा लागू आहे. आधीच्या वर्षांचे वाद जुन्याच कायद्याने चालतात. त्यात स्थगिती मिळाली तरी थकीत करावरील व्याज थांबत नाही. अपील हरल्यास थकीत करावर दरमहा १ टक्का द्यावा लागतो. जिंकल्यास भरलेल्या रकमेवर खाते देते ते दरमहा अर्धा टक्का.