दलालाची नोंद जागी की निजलेली?

विंचूरच्या उपबाजारात आपण कांदा घेऊन जातो. गाडीभोवती व्यापारी जमतात. लिलाव सुरू होतो. अशा वेळी एखादा वाटसरू मध्ये घुसला आणि "माझीही बोली घ्या" म्हणाला, तर चालेल का? नाही चालणार. ज्याच्याजवळ बाजार समितीचा परवाना आहे, तोच बोली बोलतो. असे का? उद्या त्याने पैसे बुडवले, तर समितीला त्याला धरता यावे म्हणून. परवाना म्हणजे नुसता कागद नव्हे. या माणसाला जाब विचारणारे कोणीतरी आहे, याची ती खूण आहे.

घराच्या व्यवहारातही असेच असते.

महारेरा म्हणजे काय?

समजा, मुलाला नाशकात नोकरी लागली. कांद्याचे चार पैसे गाठीला आहेत. तिथे एखादे घर किंवा प्लॉट घ्यावा, असे घरात बोलणे निघते. मग कोणीतरी ओळखीचा दलाल येतो. आजकाल त्याला एजंट म्हणतात. "मी आहे ना, काळजी कशाला?" असे तो म्हणतो.

अशा व्यवहारांसाठी 2016 साली देशात एक कायदा झाला. त्या कायद्याप्रमाणे आपल्या राज्यात 2017 साली एक सरकारी प्राधिकरण स्थापन झाले. त्याला महारेरा म्हणतात. बिल्डरला आपली मोठी योजना तिथे नोंदवावी लागते. त्या योजनेतले घर किंवा प्लॉट विकून देणाऱ्या दलालालाही तिथे नाव नोंदवावे लागते. एकट्या दलालाला त्यासाठी 10,000 रुपये फी आहे. नोंद 5 वर्षे चालते. पुढे ती पुन्हा चालू करून घ्यावी लागते.

एक गोष्ट ध्यानात घ्या. दोन शेतकऱ्यांनी आपसात शेतजमीन घेतली-दिली, तर तिथे हा कायदा येत नाही. तो आहे घरांच्या आणि प्लॉटच्या नोंदलेल्या योजनांसाठी.

नोंद निजते कशी?

बँकेतल्या खात्याचे उदाहरण घ्या. दोन वर्षांहून अधिक काळ आपण खात्यावर काहीच देवघेव केली नाही, तर बँक ते खाते थंड पडले असे धरते. पैसे बुडत नाहीत. पण कागदपत्रे देऊन ते पुन्हा चालू करेपर्यंत व्यवहार करता येत नाही.

दलालाच्या नोंदीचेही तसेच आहे. 2023 साली महारेराने नियम केला, की प्रत्येक दलालाने प्रशिक्षण घ्यावे, परीक्षा द्यावी आणि प्रमाणपत्र मिळवावे. जुन्या दलालांना 1 जानेवारी 2024 ही तारीख ठरवून दिली. पुष्कळांनी ते केले नाही. तेव्हा 2024 साली महारेराने सुमारे 20 हजार दलालांच्या नोंदी स्थगित केल्या. म्हणजे निजवल्या. एका वर्षाच्या आत प्रमाणपत्र आणले तर नोंद पुन्हा जागी होईल, नाहीतर रद्द होईल, असे सांगितले.

यातून तीन अवस्था समजून घ्या. जागी नोंद म्हणजे काम करण्याची मोकळीक. निजलेली नोंद म्हणजे नाव आहे, पण काम बंद. रद्द झालेली नोंद म्हणजे नावच गेले.

अमेरिकेत तर अनेक राज्यांत दलाल स्वतःच अर्ज करून परवाना निजवून ठेवतो. कोणी आजारी पडतो, कोणाला लहान मुले सांभाळायची असतात. पुढे राहिलेले शिक्षण पुरे करून तो परवाना जागा करतो. मधल्या काळात मात्र त्याला एकही सौदा करता येत नाही.

म्हणजे परवाना निजणे हा काही गुन्हा नव्हे. निजलेल्या परवान्यावर धंदा करणे हा गुन्हा आहे. आपल्या कायद्यात नोंदीशिवाय अशी दलाली करणाऱ्याला दर दिवसाला 10,000 रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

आपण काय करावे?

दलालाच्या भिंतीवर चौकटीत लावलेला दाखला पाहून भुलू नका. जवळ जाऊन वाचा. त्यावर नंबर असतो. दलालाचा नंबर इंग्रजी 'ए' या अक्षराने सुरू होतो, योजनेचा 'पी' या अक्षराने. मुदत कधी संपते, ती तारीख वाचा. 2018 सालचा 5 वर्षांचा दाखला 2023 सालीच संपला, हा हिशेब आपल्यालाही येतो.

पण तारीख शिल्लक असली, तरी नोंद निजलेली असू शकते. ते कागदावर दिसत नाही. म्हणून घरातल्या शिकलेल्या मुलाला किंवा मुलीला नंबर द्या. महारेराच्या संकेतस्थळावर तो पाहायला सांगा. घरी सोय नसेल, तर सेवा केंद्रात जाऊन विचारा.

बिल्डरला पैसे देतानाही सांभाळा. करारनामा लिहून त्याची रीतसर नोंदणी होईपर्यंत किमतीच्या दहाव्या हिश्शाहून जास्त रक्कम घेण्याची त्याला कायद्याने बंदी आहे. जे द्याल, त्याची पावती घ्या.

आपल्या गावातल्या कोणाला ही दलाली करायची असेल, तर त्यानेही हे वाचावे. आता नवी नोंद करायला आणि जुनी पुढे चालवायलाही प्रमाणपत्र लागते. मुदत संपायची वाट पाहू नका. नोंद निजली असेल, तर गिऱ्हाइकाला तसे स्पष्ट सांगा. आधी नोंद जागी करा, मग सौदा करा.

"ओळखीच्या माणसाचा दाखला कसा मागायचा? त्याला राग येईल," असे कोणी म्हणेल. पण सच्च्या माणसाला राग येत नाही. तो आपणहून कागद पुढे करतो. घर आयुष्यात एकदा होते. त्यासाठी कांद्याच्या किती हंगामांचा घाम गेलेला असतो! दाखल्यावरची एक तारीख वाचायला पळभरही लागत नाही. आता आपल्याला वाचता येते. मग वाचल्याशिवाय पैसे का द्यावेत?